झाकली मूठ कुणाची?

नागराज मंजुळे यांचा 'सैराट' २०१६ साली आला, तेव्हा गावोगावच्या गटांमध्ये त्याच्या शेवटाविषयी खूप बोललं गेलं. ते साहजिकच होतं. घराण्याच्या इभ्रतीसाठी पोटच्या मुलीचा जीव घेणारी माणसं आपल्या आसपास आहेत, हे त्या शेवटाने पुन्हा एकदा समोर ठेवलं. पण त्याच चित्रपटाच्या उत्तरार्धात, हैदराबादच्या वस्तीतल्या एका खोलीत, आणखीही काही घडतं आणि त्याविषयी आपण फारसं बोललो नाही. पाटलाच्या वाड्यात वाढलेल्या आर्चीला ती वस्ती सोसत नाही. मागे सोडलेलं घर दोघांच्या मध्ये येऊन बसतं. पुढे परश्या संशय घेतो, हात उचलतो, ती निघून जाते, परत येते. त्या वेळी दारात कुणी भाऊ शस्त्र घेऊन उभा नसतो. असतात ती दोघंच, एकमेकांवर प्रेम करणारी.

या अंकाचं संपादकीय त्या खोलीविषयी आहे. आईवडिलांचा विरोध पत्करून, जात आणि पैसा यांच्या भिंती ओलांडून लग्न केलेल्या जोडप्यांच्या घरात पहिल्या दोन-तीन वर्षांत काय होतं? बाहेरून हल्ला झाला नाही, तरी अशी काही घरं आतून का मोडतात? आणि ती मोडतात तेव्हा 'दोघांचे स्वभाव जुळले नाहीत' एवढं म्हणून आपल्याला थांबता येईल का?

मदत केंद्रांवर येणाऱ्या अशा जोडप्यांचं बोलणं ऐकलं, तर पहिल्या दिवशी तक्रार अगदी किरकोळ गोष्टीची असते. उदाहरणादाखल एक जोडपं घेऊ. (ओळख कळू नये म्हणून इथे दोन-तीन घरांच्या हकिगती एकत्र केल्या आहेत.) तो आयटीआय झालेला फिटर, कारखान्यात कंत्राटी. वडील नाहीत, आई चार घरची धुणीभांडी करते. राहायला वस्तीत पत्र्याची खोली. ती बँकेतल्या अधिकाऱ्याची मुलगी, बी.कॉम., एका खाजगी कंपनीत हिशेबाचं काम करते. पगार त्याच्यापेक्षा जास्त. लग्नाआधी तीन वर्षं दोघं भेटत होती, पण बागेत, बसस्टॉपवर, हॉटेलात. त्याने तिला आपली खोली कधी दाखवली नव्हती. 'नंतर दाखवतो' म्हणत राहिला. तिनेही कधी आग्रह धरला नाही.

लग्नानंतर भांडण झालं ते बादलीवरून. पहाटे पाच वाजता नळाला पाणी येतं. रांगेत उभं राहायला तिला संकोच वाटतो. सार्वजनिक संडासात डबा घेऊन जाताना तर मरणप्राय होतं. तिने म्हटलं, "आपण भाड्याने फ्लॅट घेऊ, डिपॉझिट मी भरते." त्यावर तो दोन दिवस बोलला नाही. तिसऱ्या दिवशी म्हणाला, "तुझ्या बापाच्या पैशावर राहायला मी घरजावई नाही." पैसे तिच्या स्वतःच्या पगारातले होते, बापाचा त्यात एक पैसाही नव्हता. पण त्याच्या कानांनी जे ऐकलं ते वेगळंच होतं. नंतर तिच्या मैत्रिणी घरी येणार म्हटल्यावर तो 'नको' म्हणाला. तिच्या ऑफिसच्या स्नेहसंमेलनाला गेला नाही. तिच्या फोनवरचे मेसेज पाहू लागला. तिच्या साहेबाचं नाव घेऊन टोमणे मारू लागला. आणि एका रात्री, ती सहज "तुला इंग्रजी फॉर्म भरता येत नाही तर मला दे ना" असं म्हणाली, तेव्हा त्याने तिच्या थोबाडीत मारली.

इथे थांबून विचार करायला हवा. नुसतं वरवर पाहिलं तर हा पुरुषी अहंकार आहे, आणि तो आहेच. पण तेवढंच म्हटलं तर गोष्टीचा अर्धा भाग हातातून निसटतो. ज्या मुलाला शाळेत फाटक्या गणवेशावरून हसलं गेलं, ज्याची आई दुसऱ्याच्या घरात वेगळ्या कपातून चहा पिते, ज्याला बँकेच्या खिडकीवर 'नंतर या' असं ऐकावं लागतं, लग्नाची परवानगी मागायला गेल्यावर ज्याला मुलीच्या वडिलांनी दारातच 'तुझी लायकी काय' म्हणून विचारलं, त्याच्या मनात एक जखम आहे. ती वर्गाने केलेली आहे, आणि बहुतेक वेळा जातीनेही. ती खोटी नाही आणि तिची चेष्टा करण्याचा अधिकार आपल्याला नाही.

प्रश्न असा आहे की त्या जखमेचा राग कुठे निघतो? मुकादमावर निघू शकत नाही, नोकरी जाईल. बँकेच्या साहेबावर निघत नाही. सासऱ्याच्या दारात तर मान खाली घालून उभं राहावं लागलं. त्या वरच्या वर्गातली एकच व्यक्ती अशी आहे, की जिच्यावर सत्ता गाजवण्याचा परवाना समाजाने त्याला दिला आहे. ती म्हणजे त्याची बायको. वर्गव्यवस्थेने केलेल्या अपमानाचं बिल पुरुषप्रधान व्यवस्था अशा रीतीने बाईकडून वसूल करते. या अंकात आम्हाला जे सांगायचं आहे ते मुख्यतः एवढंच आहे. एकाच थोबाडीत दोन व्यवस्था एकत्र येतात. म्हणून त्यातल्या एकीवर बोट ठेवून दुसरीला सोडून दिलं, तर ना त्या बाईला न्याय मिळतो, ना त्या पुरुषाला माणूस म्हणून उभं राहता येतं.

आपल्या भाषेत 'मान' हा शब्द किती ठिकाणी येतो पाहा. लग्नात मानपान असतो, मानाचा आहेर असतो, मुलीकडची बाजू नेहमी 'पडती' असते. वरमाईचे पाय धुतले नाहीत तर भर मांडवात रुसवे होतात. या सगळ्या मानाचा हिशेब एका गृहीतावर उभा आहे. मुलगी देणारे खाली आणि घेणारे वर. मुलगी आपल्याहून बऱ्या घरी द्यावी आणि सून आपल्याहून साध्या घरची आणावी, ही रीत त्यातूनच आली. धर्मशास्त्रांनी तर याला नावंही दिली. वरच्या वर्णाचा पुरुष आणि खालची स्त्री हा अनुलोम विवाह, तो चालवून घेण्याजोगा. उलटा असेल तर प्रतिलोम, तो निषिद्ध. म्हणजे स्त्री-पुरुषाचं नातं हे उतरंडीचंच नातं असणार आणि त्यात बाईने खालच्या पायरीवर असणार, हे आधीच ठरलेलं. आता एखाद्या घरात पगार, शिक्षण, माहेरची ऐपत या सगळ्यात बाई वरच्या पायरीवर असली, तर त्या पुरुषाने कसं वागायचं? यासाठी परंपरेने त्याला एकही सन्मानाचा शब्द दिलेला नाही. 'घरजावई', 'बायकोच्या ताटाखालचं मांजर', 'बायकोच्या जिवावर बसून खाणारा' एवढेच शब्द आहेत आणि ते सगळे शिव्यांसारखे आहेत. कर्ता पुरुष म्हणजे कमावता पुरुष, हे बाळकडू गरिबाच्या घरातही पाजलं जातं. उलट तिथे मिरवायला दुसरं काही नसल्यामुळे ते जास्तच घट्ट धरून ठेवलं जातं.

एक साधी गोष्ट पाहा. प्रेमात असताना दोघं एकमेकांना 'अरे-तुरे' करत होती. तेच तर त्यांच्या मैत्रीचं वेगळेपण होतं. घरात आल्यावर चार-आठ दिवसांत सासू म्हणते, "नवऱ्याला अहो म्हण गं, वस्तीतली माणसं हसतात." आणि तो, जो कालपर्यंत 'मला तसलं काही नको' म्हणत होता, तो गप्प बसतो. ते गप्प बसणं म्हणजे होकारच. बाहेर कुठेच न मिळालेला मान घरात निदान एका शब्दापुरता मिळतो आहे, तो सोडायला त्याचं मन तयार होत नाही.

पण मैत्रिणींनो, तिच्याविषयीही बोलायला हवं. अन्याय झालेली बाई प्रत्येक बाबतीत निर्दोष असली पाहिजे, अशी अट आपण घालत नाही. तिला मार खावा लागतो, तो कोणत्याही कारणाने समर्थनीय नाही, आणि तरीही ती आपल्या वर्गाचे संस्कार अंगावर घेऊन त्या घरात आलेली आहे. सासूने धुतलेला कप ती पुन्हा धुऊन घेते. सासूच्या बोलीला हसते. 'तुमच्याकडे असं असतं का' या वाक्यातला 'तुमच्याकडे' तिला ऐकू येत नाही, बाकी सगळ्यांना ऐकू येतो. रागाच्या भरात ती म्हणते, "मी तुझ्यासाठी सगळं सोडून आले." हे खरंच आहे. पण हे वाक्य रोज ऐकावं लागलं की ते प्रेमाचं राहत नाही, कर्जाचं होतं. ज्याच्यावर कर्ज आहे तो सावकारावर प्रेम करू शकत नाही.

आणि या सगळ्यात सर्वात कमी ऐकली जाते ती सासू. तिने चार घरची भांडी घासून मुलाला शिकवलं. जिच्यासारख्या बायकांच्या मोऱ्या तिने आयुष्यभर घासल्या, तशा घरातली मुलगी आता तिची सून आहे. सुनेसमोर कामाला जायची तिला लाज वाटते. मुलगाही म्हणतो, "आता काम सोड, बरं दिसत नाही." म्हणजे तिच्या ज्या कष्टांवर हे घर उभं राहिलं, तेच आता लपवायची गोष्ट झाली. ती काम सोडते, हातातले पैसे जातात, घरातलं वजन जातं आणि उरतो तो फक्त सासूपणाचा मान. मग ती त्यालाच चिकटते. सासू-सुनेचं भांडण म्हणून ज्याच्याकडे आपण कंटाळून पाहतो, ते अनेकदा दोन वर्गांतल्या दोन बायकांचं भांडण असतं. स्त्री म्हणून दोघी एक आहेत, हे म्हणायला सोपं आहे. धुणीभांडी करणारी आणि ती करवून घेणारी, या दोघींमधलं अंतर ओलांडल्याशिवाय ते खरं होत नाही. हे अंतर आपल्या संघटनांमध्येही आहे. सभेला कोण खुर्चीवर बसते आणि चहाचे कप कोण उचलते, हे पाहिलं तरी पुरे.

उलट बाजूची जोडपीही आहेत. मुलगा बंगल्यातला आणि मुलगी चाळीतली किंवा वस्तीतली. रीतीप्रमाणे हे 'सरळ' लग्न, मुलीचं नशीब उघडलं म्हणून सगळे कौतुक करतात. तिथे मारहाण कदाचित होणारही नाही, पण तिचे आईवडील आले तर त्यांना दिवाणखान्यात पाणी विचारून निरोप दिला जातो. तिच्या बहिणीला सणाच्या दिवशी पंगतीत बसवण्याऐवजी स्वयंपाकघरात मदतीला घेतलं जातं. काटा-चमचा, बोलणं, साडी नेसणं, सगळ्यांत तिला 'सुधारलं' जातं, आणि नवरा हे प्रेमानेच करतो आहे असं समजतो. तिने तक्रार केली तर 'एवढं मिळालं तरी समाधान नाही' असं ऐकावं लागतं. हळूहळू ती माहेरी जाणं कमी करते, कारण माहेरची तिला लाज वाटू लागते आणि लाज वाटते म्हणून स्वतःचा राग येतो. पहिल्या घरात नवऱ्याची लाज रागाच्या रूपाने बाहेर येते, दुसऱ्या घरात बायकोची लाज आत जिरवली जाते. म्हणजे कमीपणा कुणाच्याही वाट्याला येवो, त्याची किंमत बाईच मोजते.

'झाकली मूठ सव्वा लाखाची' ही म्हण आपण लहानपणापासून ऐकतो. पळून जाऊन लग्न केलेल्या मुलीला ती मूठ सर्वांत घट्ट झाकावी लागते. ठरवून दिलेल्या लग्नात त्रास झाला, तर निदान 'तुम्हीच दिलंत' असं आईवडिलांना म्हणता येतं. इथे माहेरचं दार वाजवलं तर पहिलं वाक्य ठरलेलं असतं, 'तुझं तूच केलंस ना, आता भोग.' परत जाणं म्हणजे बापाचं बरोबर होतं असं कबूल करणं. शिवाय तिला ठाऊक असतं, की तिने तोंड उघडलं तर लोक त्याला एक वाईट नवरा म्हणून थांबणार नाहीत, त्याच्या अख्ख्या जातीला आणि वस्तीला नावं ठेवतील, 'तसल्या घरात दुसरं काय होणार' म्हणतील. ज्या भेदाविरुद्ध तिने लग्न केलं, त्याच भेदाला आपल्या तक्रारीमुळे बळ मिळेल या भीतीने ती गप्प राहते. हे मौन भित्रेपणाचं नाही. त्यात एक प्रकारची निष्ठा आहे, आणि म्हणूनच ते मोडणं अधिक अवघड आहे.

राष्ट्रीय कुटुंब आरोग्य सर्वेक्षणाच्या पाचव्या फेरीत (२०१९-२१) देशातल्या १८ ते ४९ वयाच्या विवाहित स्त्रियांपैकी सुमारे २९ टक्के जणींनी नवऱ्याकडून शारीरिक किंवा लैंगिक हिंसा झाल्याचं सांगितलं. हिंसा सोसलेल्या स्त्रियांपैकी जेमतेम १४ टक्के जणींनी कुठे मदत मागितली होती. तीन चतुर्थांशाहून अधिक जणींनी तर ते कुणालाही सांगितलंच नव्हतं. त्याच पाहणीत काही कारणं देऊन विचारलं गेलं, की यासाठी नवऱ्याने बायकोला मारणं योग्य आहे का? सुमारे ४५ टक्के स्त्रियांनी निदान एका कारणासाठी 'हो' म्हटलं. आणि सर्वाधिक मान्यता मिळालेलं कारण कोणतं? सासरच्या माणसांचा मान न राखणं. स्वयंपाक बिघडणं नव्हे, न सांगता बाहेर जाणं नव्हे, तर मान. मानाचं हे प्रकरण किती खोल आहे ते यावरून दिसावं.

अशी बाई मदत केंद्रात येते तेव्हा तिला काय सल्ला मिळतो? 'त्याचा अहंकार दुखावू नकोस.' 'पगार किती ते चारचौघांत सांगू नकोस.' 'माहेरच्या वस्तू घरात आणू नकोस.' 'जरा नमतं घे, पुरुषाचं मन असतं.' सल्ला देणारीचा हेतू चांगला असतो, संसार टिकावा म्हणूनच ती सांगत असते. पण या सगळ्याचा अर्थ एवढाच होतो, की त्याला मोठं वाटावं म्हणून तू लहान हो. त्याच्या मनातली वर्गाची जखम तशीच राहते. फक्त तिच्यावर बायकोच्या कमीपणाची पट्टी बांधली जाते. दुसऱ्या टोकाला काही जणी सांगतात, 'असल्या माणसाशी लग्नच कशाला केलंस, सोड त्याला.' या 'असल्या'मध्ये आपलाही वर्ग बोलतो. सोडायचं की राहायचं हा निर्णय तिचा. पण 'मारणारा नवरा' आणि 'गरीब नवरा' हे दोन वेगळे शब्द आहेत, त्यांची गल्लत आपण करता कामा नये. बंगल्यातही बायकांना मार बसतो. तिथल्या भिंती जाड असतात म्हणून आवाज येत नाही, इतकंच.

समजून घेणं आणि पाठीशी घालणं यांत फरक आहे. त्याला का राग येतो हे आपण समजून घेऊ, पण त्यासाठी तिने मार खावा हे कधीही मान्य करणार नाही. कायदाही इथे आपल्या बाजूला आहे. कौटुंबिक हिंसाचारापासून महिलांचं संरक्षण करणारा कायदा २००५ साली झाला आणि २६ ऑक्टोबर २००६ पासून लागू झाला. त्यात हिंसा म्हणजे फक्त मारहाण नव्हे. अपमान, टिंगल, हिणवणं, पैसे अडवणं हेही त्यात येतं, आणि घर तिच्या नावावर नसलं तरी त्या घरात राहण्याचा हक्क तिला आहे. पूर्वीचं भारतीय दंडविधानाचं कलम ४९८-अ आता १ जुलै २०२४ पासून भारतीय न्याय संहितेत कलम ८५ म्हणून आहे. हे आकडे कार्यकर्त्यांनी पाठ करून ठेवावेत. पण कायदा हे शेवटचं दार आहे. त्याआधीच्या पायऱ्यांवर कुणी भेटलं असतं, तर काही जणींना त्या दारापर्यंत यावं लागलं नसतं.

या पायऱ्यांचाच विचार आपल्या चळवळींमध्ये कमी झाला आहे. २५ डिसेंबर १८७३ रोजी पहिला सत्यशोधक विवाह झाला. भटजीशिवाय, कमी खर्चात, वधूवरांनी एकमेकांना वचनं देऊन लग्न लावायची ती रीत म्हणजे मानपानाच्या सगळ्या उतरंडीवरच घाव होता. डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी १९३६ साली 'जातिनिर्मूलना'च्या भाषणात आंतरजातीय विवाह हाच जात मोडण्याचा खरा उपाय असल्याचं मांडलं. १९५४ च्या विशेष विवाह कायद्याने नोंदणी पद्धतीच्या लग्नाची वाट दिली, जरी त्यातल्या ३० दिवसांच्या जाहीर नोटिशीमुळे कितीतरी जोडप्यांचा जीव टांगणीला लागतो. सर्वोच्च न्यायालयाने २०१८ साली शक्ती वाहिनी खटल्यात अशा जोडप्यांना संरक्षण आणि सुरक्षित निवारा देण्याची जबाबदारी राज्यांवर टाकली. आंतरजातीय विवाह केलेल्यांसाठी शासनाची अर्थसाहाय्याची योजना आहे. हे सगळं मोलाचं आहे. पण यातलं जवळजवळ सगळं लग्न लागेपर्यंतचं आहे. कार्यकर्ते साक्षीदार म्हणून सह्या करतात, हार घालतात, पेढे वाटतात, फोटो निघतो. दुसऱ्या दिवशी पहाटे पाच वाजता नळावर ती एकटीच असते.

एरवी लग्नानंतर काका-मामा, आत्या-मावशी, शेजारपाजार असा गोतावळा असतो. तो जाचतो, पण सावरतोही. भांडण झालं तर मध्ये पडतो, बाळंतपणाला येतो, उसने पैसे देतो. या जोडप्यांनी तो गमावलेला असतो. म्हणून त्यांचं लग्न लावून देणाऱ्यांनी त्यांचं गणगोत व्हायची जबाबदारीही घ्यायला हवी, निदान पहिली दोन वर्षं.

म्हणजे नेमकं काय करायचं? काही गोष्टी सुचतात, त्यांवर गटांनी चर्चा करावी.

लग्नाआधी दोघांनी एकमेकांची घरं पाहावीत, शक्य तर एखादा दिवस तिथे राहावं, पाणी भरावं, जेवावं. जे घर दाखवायची लाज वाटते तिथेच पुढे राहायचं असेल, तर ती लाज लग्नाआधी बोलून मोकळी व्हायला हवी. पगार किती, कर्ज किती, कुणाला पैसे पाठवावे लागतात, हे कागदावर मांडावं. प्रेमात हिशेब कसला, असं मुलं म्हणतात. पण न मांडलेला हिशेब संपत नाही, मनात चालूच राहतो.

लग्नानंतर दोघांनी शक्यतो आपल्या ऐपतीची वेगळी खोली करावी. लहान असली तरी चालेल, पण ती दोघांची असावी. ना त्याच्या आईची, ना तिच्या बापाची. भाडेकरारावर दोघांची नावं असावीत. तिची नोकरी आणि तिचं बँकेतलं खातं कोणत्याही कारणाने बंद होऊ नये. आधारकार्ड, गुणपत्रिका, लग्नाचा दाखला यांच्या प्रती तिच्या मैत्रिणीकडे किंवा संस्थेत ठेवाव्यात. डिपॉझिटसाठी बिनव्याजी उसनवार देणारा छोटा निधी एखाद्या गटाला उभारता आला, तर कितीतरी भांडणं मुळातच टळतील. 'बापाचे पैसे' आणि 'बायकोचे पैसे' यांच्यापलीकडे तिसरा पर्याय समोर असणं, यानेही ताण हलका होतो.

घरकामाचा प्रश्न इथे बाजूला टाकता येत नाही. वस्तीत बायकोचे कपडे नळावर धुणाऱ्या पुरुषाला हसतात. त्या हसण्याला न जुमानता जो तिथे बादली घेऊन बसेल, त्याच्या मनातून खोट्या मानाचं भूत निघायला सुरुवात झाली असं समजावं. पण हे एकट्याने होत नाही. त्याच्यासारख्या चार पुरुषांची सोबत लागते. मुंबईत १९९३ साली 'मावा', म्हणजे 'मेन अगेन्स्ट व्हायलन्स अँड अब्यूज', ही पुरुषांचीच संघटना सुरू झाली, ती याच जाणिवेतून. पुरुषांशी बोलायचं तर त्यांच्या अपमानाविषयीही बोलू द्यायला हवं. आईचं काम, शाळेतले दिवस, सासऱ्याच्या दारातला तो क्षण, हे तो ज्या दिवशी रागावाचून सांगू शकेल, त्या दिवशी तो राग बायकोवर काढण्याची गरज त्याला कमी वाटेल. रडणारा पुरुष पाहायला आपणही शिकायला हवं.

आणि वरच्या वर्गातून आलेल्या मुलीशीही बोलायला हवं. 'सोडून आले' या वाक्याऐवजी 'निवडून आले' असं ती म्हणू शकेल का? सासूने आपलं काम सोडू नये, त्यात लाजण्यासारखं काही नाही, हे ती चारचौघांत म्हणू शकेल का? घरकामगारांच्या संघटनेच्या मेळाव्याला सासूबरोबर ती एकदा गेली, तर दोघींमध्ये काय बदलेल?

शेवटी शब्दांविषयी थोडं. स्वाभिमान आणि मानपान हे एकाच धाग्याचे वाटतात, पण तसे नाहीत. मानपानाला नेहमी कुणीतरी खाली बसलेलं लागतं, त्याशिवाय त्याला वर बसल्याचं समाधान होत नाही. स्वाभिमानाला कुणाला खाली बसवावं लागत नाही. दलित चळवळीने, कामगार चळवळीने आणि स्त्रियांच्या चळवळीने माणसांना जो दिला तो स्वाभिमान. सासऱ्यासमोर ताठ उभा राहणारा तरुण आणि बायकोवर हात उगारणारा तरुण एकच असला, तरी त्या दोन कृतींना एकच नाव देऊन चालणार नाही. पहिल्या वेळी आपण त्याच्या शेजारी उभं राहू. दुसऱ्या वेळी त्याचा हात धरू.

तुमच्या गावात, वस्तीत, गटात अशी जोडपी असतील. त्यांच्या लग्नाला तुम्ही गेला असाल, तर या महिन्यात एकदा त्यांच्या घरी जाऊन या. काही विचारायलाच हवं असं नाही. चहा घ्या, बसा, पाणी कधी येतं, भाडं किती, आई कशा आहेत, एवढं बोला. झाकलेली मूठ उघडायला सव्वा लाख लागत नाहीत. समोर विश्वासाचा एक हात लागतो. आलेले अनुभव आम्हाला जरूर लिहा, नावं बदलून लिहा. पुढच्या अंकात आपण ही चर्चा पुढे नेऊ.

— संपादक मंडळासाठी